असूडातला हिशेब

जोतीराव फुल्यांच्या सहा ओळी महाराष्ट्रात बहुतेक सगळ्यांना पाठ आहेत. ‘विद्येविना मति गेली, मतीविना नीति गेली, नीतिविना गति गेली, गतिविना वित्त गेले, वित्ताविना शूद्र खचले, इतके अनर्थ एका अविद्येने केले.’ शाळेच्या भिंतीवर, जयंतीच्या फलकावर, भाषणाच्या सुरुवातीला त्या असतात. ‘शेतकऱ्याचा असूड’ या 1883 सालच्या पुस्तकाच्या तोंडाशी त्या आल्या आहेत हेही अनेकांना ठाऊक असतं. पुढची पाच प्रकरणं मात्र फार थोडे जण वाचतात, आणि ओळींचा खरा अर्थ तर तिथेच उलगडतो.

ओळी सुटतात विद्येपासून आणि येऊन थांबतात पैशावर. आता पहिल्या प्रकरणाचं शीर्षक पाहा. ते शीर्षक म्हणजे चांगलं लांबलचक वाक्यच आहे. सरकारी खात्यांत ब्राह्मण कामगारांचं प्राबल्य आहे, त्यामुळे त्यांचे जातभाई भटब्राह्मण धर्माच्या मिषाने अडाणी शेतकऱ्यांना इतके नाडतात की त्यांना ‘आपली लहान चिटकुली मुले’ शाळेत पाठवायची ऐपत राहत नाही. आणि एखाद्याची ऐपत असलीच तर यांच्या उपदेशाने त्याला तशी इच्छा होत नाही. इथे गाडी पैशापासून निघते आणि विद्येवर येते. म्हणजे विद्या नाही म्हणून पैसा गेला, आणि पैसा गेला म्हणून विद्या आली नाही. दोन्ही वाक्यं एकत्र धरली की रहाट पुरा होतो. ओळी एकट्या वाचल्या की वाटतं, शाळा काढल्या म्हणजे झालं. पुस्तक वाचलं की कळतं, शाळेत जाणाऱ्या मुलाच्या वाटेत दक्षिणा, स्टँप, शेतसारा, वनखातं आणि पाण्याचा पाट एवढं सगळं आडवं पडलेलं आहे.

जातीविरुद्ध लिहिणाऱ्यांत फुल्यांची जागा वेगळी आहे ती यामुळे. जात पाप आहे, अन्याय आहे, हे त्यांच्याआधीही सांगितलं गेलं होतं. जात चालते कशी, कोणत्या दिवशी कोणाच्या कनवटीतून काय निघतं आणि ते कुठे जाऊन पडतं, हे त्यांनी लिहून ठेवलं. ते स्वतः ठेकेदार होते. ‘पुणे कमर्शियल अँड कॉन्ट्रॅक्टिंग कंपनी’ हे त्यांच्या व्यवसायाचं नाव. खडकवासल्याचा तलाव, येरवड्याचा पूल अशा कामांशी त्यांचा संबंध आला. माती किती निघाली, मजुराच्या हातात काय पडलं आणि कागदावर काय चढलं, यातलं अंतर या माणसाने रोज पाहिलेलं होतं. ती नजर पुस्तकात पानोपानी आहे.

पहिलं प्रकरण त्या नजरेने वाचायला हवं. मूल पोटात येण्याच्याही आधीपासून सुरुवात होते. बाईला ऋतू आला की गर्भाधानाचा विधी, मूल झालं की जन्मपत्रिका, पत्रिकेत एखादा अभद्र ग्रह, ग्रह आला की जप आणि अनुष्ठान. मग लग्न, मग घराची वास्तू, मग मरण, दशपिंड, आणि मेल्यानंतरही दरवर्षीचं श्राद्ध. माणूस जन्मायच्या आधी खातं उघडतं आणि मेल्यावरही मिटत नाही. हे झालं आयुष्याचं. त्यानंतर फुले वर्षाकडे वळतात आणि महिन्यामागून महिना घेतात. चैत्रात वर्षप्रतिपदेला घरोघर वर्षफळ वाचून दक्षिणा, रामनवमी आणि हनुमान जयंतीला वर्गणी, ज्येष्ठात वटपौर्णिमा, आषाढात एकादशी, श्रावणातले सण, भाद्रपदात गणपती आणि पितृपक्ष, असं करत करत फाल्गुनातल्या होळीपर्यंत.

ही यादी वाचताना कंटाळा येतो. तो येऊ द्यावा, पानं उलटू नयेत. एकेका सणाची रक्कम बघितली तर ती क्षुल्लक वाटते: थोडा शिधा, एखादा पैसा. त्या दिवशी कोणी नाही म्हणत नाही, कारण एवढ्याशा गोष्टीसाठी अपशकुन कोण ओढवून घेईल? जो खर्च एकरकमी समोर येतो त्यावर माणूस भांडतो. जो चिमूटचिमूट जातो त्याची बेरीजच होत नाही, आणि बेरीज होत नाही म्हणून तो लुटीत धरला जात नाही. फुल्यांनी बारा महिने एकाखाली एक मांडले, आणि ज्याला लिहिता येत नव्हतं त्याच्यासाठी ती बेरीज करून ठेवली.

त्यातला घर बांधण्याचा भाग मला सगळ्यांत बोलका वाटतो. शेतकरी घर बांधतो तेव्हा बिगारी, सुतार, गवंडी उन्हातान्हात उंचावर चढून काम करतात. घर उभं राहतं. मग वास्तुशांत येते, होम होतो, आणि तूपपोळीच्या पहिल्या पंगतीला बसतात ते ज्यांनी एक वीटही उचलली नाही ते. राबलेले लोक आणि घरधनी मागून. फुले इथे शास्त्रार्थात शिरत नाहीत. घराला हात कोणाचे लागले आणि आधी जेवलं कोण, एवढं दाखवून पुढे जातात. जातीची उतरंड एका पंगतीच्या क्रमात मावते.

या कल्पनेचं बीज खूप जुनं होतं. 1855 साली फुल्यांनी ‘तृतीय रत्न’ हे नाटक लिहून मराठी पुस्तकांना बक्षीस देणाऱ्या दक्षिणा प्राइज कमिटीकडे दिलं. त्यात गरोदर कुणबी बाईकडे जोशी येतो, ग्रहाची भीती घालतो, अनुष्ठान आणि ब्राह्मणभोजन गळ्यात मारतो, आणि नवराबायको कर्जात जातात. शेवटी दोघं शिकायचं ठरवतात. कमिटीने ते नाकारलं आणि विसाव्या शतकाच्या उत्तरार्धापर्यंत ते छापून आलं नाही. पुढच्या 28 वर्षांत त्या एका जोशाच्या जागी सबंध व्यवस्था आली. 1855 ला फुल्यांना भिक्षुक दिसत होता. 1883 ला त्यांना भिक्षुकाच्या मागे कुळकर्णी, त्याच्या मागे कचेरीतला कारकून, आणि त्याच्याही मागे तंबूत आराम करणारा गोरा साहेब दिसतो.

तो साहेब दुसऱ्या प्रकरणात येतो. फुले इंग्रजांचे भाट होते असं म्हणणाऱ्यांनी हे प्रकरण उघडून पाहावं. गोरे अधिकारी ऐषआरामात गुंग, शेतकऱ्याची खरी स्थिती बघायला त्यांना सवड नाही, आणि या गाफीलपणामुळे सगळी खाती ब्राह्मण कामगारांच्या हाती. परिणाम असा की शेतकऱ्याला ‘पोटभर भाकर व अंगभर वस्त्र’ मिळत नाही. शीर्षकातच एवढं सगळं येऊन जातं. भाषा आणि कागद ही इथली हत्यारं आहेत. साहेबाला मोडी येत नाही, शेतकऱ्याला काहीच वाचता येत नाही, आणि दोघांच्या मधे एकच माणूस असा की ज्याला दोन्हीकडचं कळतं. शेतकरी तोंडाने सांगतो ते कागदावर कसं उतरतं, कागद साहेबापुढे कसा वाचला जातो, मधला मजकूर कुठे गाळला जातो, हे तपासणारं कोणीच नाही. बांधावरच्या तंट्यातून फिर्याद उभी राहते, फिर्यादीला स्टँप लागतो, स्टँपाला कर्ज लागतं, कर्जाला जमीन लागते. निकाल कोणाच्याही बाजूने लागो, जमीन पातळ होत जाते.

तो काळ ध्यानात ठेवून हे वाचायला हवं. तीस-तीस वर्षांच्या शेतसाऱ्याच्या करारांची मुदत संपून नवी आकारणी वाढीव दराने येत होती. 12 मे 1875 ला पुणे जिल्ह्यातल्या सुप्याला सावकारांच्या घरांवर लोक चालून गेले आणि त्यांनी कर्जरोखे जाळले. कोणाचा जीव घेतला नाही, कागद घेतले. मागोमाग 1876 ते 78 चा दुष्काळ. 1877 मध्ये फुल्यांनी काढलेल्या सत्यशोधक समाजाने धनकवडीला दुष्काळातल्या मुलांसाठी अन्नछत्र चालवलं. ‘असूड’ लिहायला घेतला तो या सगळ्याच्या पाठोपाठ.

आणि तो लिहिला गेला कानांसाठी. फुल्यांनी उपोद्घातातच म्हटलंय की पुस्तक जसजसं होत गेलं तसतसं त्यांनी ते पुणे, मुंबई, ठाणे, जुन्नर, ओतूर, हडपसर, वंगणी अशा ठिकाणी लोकांपुढे वाचून दाखवलं. बडोद्याला सयाजीराव महाराजांनीही ते ऐकलं. आजच्या वाचकाची अडचण इथेच होते. वाक्य अर्धं पान चालतं, क्रियापद हाती लागेपर्यंत कर्ता हरवतो, आणि दहाव्या पानावर पुस्तक मिटतं. यावर उपाय साधा आहे: मोठ्याने वाचावं. फुल्यांचं वाक्य श्वासाच्या अंतराने तुटतं. ‘शेतकऱ्यांचे बोडक्यावर’ नवे कर बसवले, असं ते तिसऱ्या प्रकरणाच्या शीर्षकात लिहितात. त्या ‘बोडक्यावर’चा ठसका डोळ्यांना कळत नाही, जिभेला कळतो. दोघातिघांनी मिळून एकेक परिच्छेद वाचला तर एक प्रकरण दोन बैठकांत आरामात होतं.

ज्या ओतुरात हे वाचन झालं, तिथलाच पुढचा प्रसंग सांगायला हवा. बाळाजी कुसाजी पाटलांनी भटजीला न बोलावता लग्न लावलं. सत्यशोधक पद्धतीचं पहिलं लग्न पुण्यात 25 डिसेंबर 1873 लाच लागलं होतं, तेव्हा पद्धत नवी नव्हती. पण ओतुरात जोशांनी खटला भरला. बोलावलं नसलं तरी दक्षिणा हा आमचा वतनी हक्क आहे, असा त्यांचा दावा. पहिल्या प्रकरणातल्या यादीला यापेक्षा मोठा पुरावा कोणता? श्रद्धेने दिलेलं दान असतं तर ते न दिल्याबद्दल कोर्टात जाता आलं नसतं. दावा भरला गेला, म्हणजे ते उत्पन्न होतं आणि त्या उत्पन्नाला वारस होते.

तिसऱ्या प्रकरणात वाचक बहुधा अडखळतो. आर्य इराणातून आले, त्यांनी इथल्या मूळ लोकांना जिंकून शूद्र केलं, ही फुल्यांची मांडणी. ‘गुलामगिरी’ या त्यांच्या पुस्तकात 1873 साली ती विस्ताराने आली आहे, तिथे जोतीराव आणि धोंडिबा यांच्या संवादातून अवतारांच्या कथा ते स्वाऱ्यांचा इतिहास म्हणून लावतात. आजचा इतिहास हे तसंच्या तसं मान्य करत नाही, आणि ते स्पष्ट सांगितलं पाहिजे. वंशाचा सिद्धांत त्या काळी युरोपीय पंडितांनी मांडला होता, आणि उच्चवर्णीय तो स्वतःच्या मोठेपणासाठी मिरवत होते. फुल्यांनी तोच उलटा फिरवला: तुम्ही बाहेरून आलात म्हणता ना, मग जमीन आमची. ते राजकीय हत्यार होतं. चूक घडते ती तिसरं प्रकरण म्हणजे पुस्तकाचा पाया समजण्यात. इराण बाजूला ठेवलं तरी चैत्र ते फाल्गुनाच्या हिशेबातला एक पैसा हलत नाही.

त्याच प्रकरणात विलायती यंत्राच्या मालाने बसवलेले इथले कारागीर आहेत, गायरानं गिळणारं वनखातं आहे. पाचव्या प्रकरणात तर डोंगरावरचं गवत, झाडांचा पाला, मेलेले किडे आणि जनावरांचे अवशेष यांचं कुजलेलं सत्त्व वळवाच्या पावसाने ओढ्यात वाहून वाया जाऊ नये, असं फुले लिहितात.  1883 च्या मराठीत हे लिहिलेलं वाचून मी अजूनही चकित होतो.

एक उणीव दाखवायलाच हवी. ‘असूडा’च्या मध्यभागी शूद्र शेतकरी आहे. ज्याच्याकडे जमीनच नाही, ज्याला गावातल्या विहिरीवर चढता येत नाही, तो अतिशूद्र या हिशेबात कडेला राहतो. त्याचा जमाखर्च वेगळा, कारण त्याच्याकडून पैशाआधी माणूसपणच काढून घेतलेलं होतं. त्यासाठी फुल्यांच्याच शाळेतल्या मुक्ताबाईचा निबंध वाचावा. मांग समाजातली ही मुलगी, वय चौदाच्या आसपास. 1855 साली ‘ज्ञानोदया’त तो छापून आला. मोठमोठ्या इमारतींच्या पायात मांग-महारांना तेल आणि शेंदूर पाजून पुरत असत, असं ती लिहिते. फुल्यांच्या घरबांधणीच्या प्रसंगात राबणाऱ्याला पंगतीत मागे बसवलं जातं. मुक्ताबाईच्या निबंधात तो पायातच गाडला जातो. दोन्ही मजकूर शेजारी ठेवून वाचले की एकाच घराच्या दोन पातळ्या दिसतात.

पाचव्या प्रकरणाकडे लोक उपदेश म्हणून बघतात. मला त्यात अंदाजपत्रक दिसतं. लष्कर आणि पोलिसांतल्या फालतू, म्हणजे जादा, शिपायांकडून जागोजाग तालीवजा (शेतातल्या मातीच्या बांधासारखे) बंधारे असे बांधावेत की वळवाचं पाणी शेतांतून मुरून मग नदीनाल्याला मिळावं, ही सूचना प्रसिद्ध आहे. तिच्यापुढचा हिशेब मात्र कोणी सांगत नाही. शिपाई सुमारे 2 लाख. एकेकाने रोज एक आण्याचं काम इमानेइतबारे केलं तरी सरकारच्या उत्पन्नात सालिना 25 लाखांच्या वर भर पडेल, असं ते लिहितात. करून पाहा. 2 लाख आणे म्हणजे 12,500 रुपये रोज. 25 लाख व्हायला 200 दिवस पुरतात. वर्षातले 165 दिवस मोकळे सोडूनही आकडा बसतो. ठेका भरणारा माणूस असाच आकडा धरतो, हाताशी सूट ठेवून. वर शिपायांना मोकळ्या हवेत कामाची सवय लागेल आणि ते रोगराईपासून वाचतील, हा फायदा वेगळा मांडलाय.

तालीचं तंत्रही त्या एका वाक्यात आहे. वळवाचा पाऊस थोड्या वेळात खूप पडतो. उघड्या उतारावर तो मुरायला थांबत नाही, वरची काळी माती घेऊन ओढ्याला लागतो. उताराला आडवी ताल घातली की पाण्याचा जोर मोडतो, गाळ मागे बसतो, पाणी खाली उतरतं आणि विहिरीत निघतं. ‘मुरून नंतर’ हे फुल्यांचे शब्द. क्रम त्यांना नेमका ठाऊक होता. त्याच्याच जोडीला बाकीच्या मागण्या आहेत. नदीनाल्यांत आणि तलावांत साचलेला गाळ पूर्वीसारखा फुकट नेऊ द्यावा. गायरानं परत द्यावीत. पाणाडे, म्हणजे जमिनीतलं पाणी हुडकणारे, नेमून झऱ्यांच्या जागा शोधाव्यात आणि गावाच्या नकाशात त्यांच्या खुणा कराव्यात. सरकारी मदत न घेता विहीर खणणाऱ्याला बक्षीस द्यावं. आणि पुस्तकात कालव्याच्या पाण्याबद्दलची तक्रार अशी की शेताच्या हिशेबाने प्रत्येकाला एकेक तोटी का करून दिली नाही? तोटी नसली की पाणी कोणाला किती सोडायचं ते पाटावरचा माणूस ठरवतो. तोटी बसली की ते माप ठरवतं. जातीने चालणारी मर्जी काढून तिथे माप बसवणं, ही पुस्तकातली सगळ्यांत मोलाची सूचना आहे असं माझं मत आहे.

शाळेबद्दलही त्यांनी तेच केलं. 19 ऑक्टोबर 1882 ला सरकारने शिक्षणाच्या चौकशीसाठी नेमलेल्या हंटर आयोगाला त्यांनी दिलेलं निवेदन इंग्रजीत आहे, सूर शांत आहे, पण हाताची सफाई तीच. प्राथमिक शिक्षण ठरावीक वयापर्यंत, निदान बारा वर्षांपर्यंत, सक्तीचं करा. शिक्षकाचा पगार 12 रुपयांच्या खाली नको. मोठ्या गावांत 15 किंवा 20 द्या. शिक्षक शेतकरी वर्गातून घ्या, नांगराची मूठ किंवा सुताराची तासणी धरायला ज्याला लाज वाटणार नाही असा. मोडी आणि बाळबोध वाचन, हिशेब, थोडा इतिहास-भूगोल-व्याकरण, शेतीची तोंडओळख, आरोग्य. जिथे महार-मांगांच्या मुलांना बसू देत नाहीत तिथे त्यांच्यासाठी वेगळ्या शाळा. आणि खर्च कुठून? शेतकऱ्याच्या रुपयामागे एक आणा लोकल फंड म्हणून जादा कर घेताच ना, त्यातला अर्धा प्राथमिक शिक्षणाला द्या. ज्याच्याकडून घेतलं त्याच्याच मुलावर खर्चा.

या लेखनाला आपल्याच माणसांकडूनही अडथळा झाला. सत्यशोधक नारायण मेघाजी लोखंड्यांच्या ‘दीनबंधू’ पत्रात पहिली दोन प्रकरणं छापली गेली आणि पुढे छपाई थांबली. फुल्यांना ते लागलं आणि त्यांनी ते बोलूनही दाखवलं. त्यांची भाषा कडक होती हे खरंच. पण 1848 ला मुलींच्या शाळेला स्वतःच्या वाड्यात जागा देणारे तात्यासाहेब भिडे ब्राह्मण होते, सदाशिव बल्लाळ गोवंडे जन्मभराचे मित्र होते. फुल्यांचा राग एखाद्याच्या जन्मावर नव्हता. त्या जन्माला बसल्या जागी मिळणाऱ्या उत्पन्नावर तो होता.

धनंजय कीर आणि स. गं. मालशे यांनी संपादित केलेलं समग्र वाङ्मय 1969 साली राज्य सरकारच्या साहित्य संस्कृती मंडळाने काढलं. तेव्हापासून फुल्यांचं बहुतेक लेखन एका ठिकाणी मिळतं. पहिल्यांदा वाचणाऱ्याने ‘असूड’ चौथ्या प्रकरणापासून धरावा. तिथे लंगोटी लावलेला एक शेतकरी साहेबाकडे वाढीव साऱ्याची दाद मागून रिकाम्या हाताने परत निघाला आहे, वाटेने स्वतःशीच बोलतो आहे. त्याच्या घरापर्यंत त्याच्याबरोबर चालत जावं, घर बघून घ्यावं. मग मागे येऊन पहिलं प्रकरण, त्याला लागून दुसरं आणि पाचवं. तिसरं सर्वांत शेवटी. ते ‘गुलामगिरी’च्या जोडीने वाचलं की जागेवर बसतं.